फक्कीने आखलेले घर

पुलगावात आमचे घर बांधणारे मिस्त्री जमिनीवर आखलेली चुन्याच्या फक्कीची पांढरी रेषा कधीही ओलांडत नाहीत. दारासाठी सोडलेल्या जागेतूनच ते खोलीत शिरतात. मी रेषेवरून सरळ गेले की ओरडतात, "ताई, भिंतीतून काऊन येता?"

वीस वर्षांच्या गृहकर्जावर मी दुसऱ्या दिवशी सही करणार होते. विज्ञान शिकलेली असूनही हप्ता पगारात बसतो, एवढीच माझी तपासणी होती. ते ऐकून मिस्त्रींनी मला आखणीतून फिरवले.

"पाच वर्षं हप्ते भरसान, तवा हे न्हाणीघर तुमचं. दहा वर्षानं सैपाकघर. बाकी सारं बँकेचंच."

"काहीतरीच! दहा वर्षांत निम्मे कर्ज फिटेल."

"मंग काढा ना मोबाइल! सायन्सवाल्या ना तुमी?"

मी गणित मांडले. सुरुवातीचे हप्ते बहुतांशी व्याजातच जात होते. दहा वर्षांनी मुद्दल जेमतेम तीस टक्के फिटत होते, आणि एकूण व्याज मुद्दलाहून अधिक होते.

"आता?" मी विचारले.

मिस्त्रींनी पाहुण्यांच्या खोलीची रेषा पायाने पुसून टाकली. "पाहुणे हॉलात झोपतीन. कर्ज कमी घ्या, लवकर फेडा."

"पण मिस्त्री, यात तुमची पंधरा दिवसांची मजुरी गेली."

"मंग? ते धरूनच रेघ पुसली. हिशोब काय फक्त तुमालेच येते काय?"