मेस्विज, म्हणजे अंगणासकट

मी भाषांतरं करते. गोष्टी-कवितांची नाही, खरेदीखतं, मृत्युपत्रं, कुलमुखत्यारपत्रं यांची. ठाण्यात कोर्टाच्या मागच्या गल्लीत एका झेरॉक्सवाल्याच्या दुकानात माझं टेबल आहे. इंग्रजीचं मराठी, मराठीचं इंग्रजी, शेवटी 'मूळ मजकुराबरहुकूम खरे भाषांतर' असा शिक्का आणि खाली माझी सही. सव्वीस वर्षं हेच चाललंय. या कामात कोणी कौतुक करायला येत नाही. लोक परत येतात ते चूक सापडली तरच.

अशी एक चूक बावीस वर्षांनी परत आली. ती घेऊन आली कोपरीतली एक मावशी. सत्तरीच्या आसपासची, जुन्या आगरी घरातली विधवा. उन्हाळ्यात स्वतःच्या अंगणात मिरच्या वाळवायच्या आणि अंगणातल्याच पत्र्याच्या शेडमध्ये डंकावर लोकांचा मसाला कुटून द्यायचा, हा तिचा धंदा. डंक म्हणजे विजेवर चालणारी लोखंडी मुसळं. मार्च ते मे तिच्याकडे डबे घेऊन रांग लागते. नवऱ्यामागे तिने पोटाला काय मिळवलं असेल ते त्या अंगणातच.

तिने पिशवीतून कागद काढून टेबलावर ठेवला. "ह्यो तुझाच कागद ना? तुझीच सही ना?"

"माझीच."

"मंग आता तूच सांग. आंगन माझं हाय का नाय? येवढंच सांग. बाकीचं विंग्रजी तुझ्यापाशी ठेव."

कागद तिच्या सासऱ्याच्या मृत्युपत्राचा होता. सासरा आधी मिठागरावर कामाला होता, पुढे जमिनींमुळे बरा झाला. एकुलता मुलगा त्याच्या देखत गेला. म्हणून त्याने लिहून ठेवलं: कोपरीचं घर सुनेला, आंबिवलीचं घर पुतण्याला, आणि बाकीची सगळी मिळकतही पुतण्याला. ठाण्यातल्या ज्या वकिलाने ते लिहिलं तो जुन्या वळणाचा. इंग्रजीखेरीज दुसऱ्या भाषेत कलम टेकवत नसे. सासरा वारल्यावर सरकारदरबारी नाव लावायला मराठी भाषांतर हवं झालं आणि ते माझ्याकडे आलं. तेव्हा मी तिशीची होते आणि टेबल नवं होतं.

पुढची वीस वर्षं कोणी कोणाला काही विचारलं नाही. अंगणात वहिनीच्या मिरच्या आणि दिराचा, म्हणजे त्याच पुतण्याचा, टेम्पो, दोन्ही सुखाने राहिले. मग दिराला शेजारच्या स्वतःच्या जागेवर इमारत उठवायची झाली. बिल्डरने सांगितलं, वहिनींचं अंगण मिळालं तर जमेल. दिराने भाषांतर काढून वाचलं. त्यात 'कोपरी येथील माझे राहते घर' सुनेला दिलं होतं. घर म्हणजे दोन खोल्या. अंगण, विहीर, शेड यांचा उल्लेख नाही. म्हणजे ते 'बाकीच्या सगळ्या मिळकतीत', म्हणजे आपलं, असं म्हणत त्याने कोर्टात दावा लावला.

"दोन खोल्यांत मी काय मिरच्या छताला टांगू?" मावशी म्हणाली.

मी तिच्याकडून मूळ इंग्रजी प्रत घेतली. जिथे मी 'राहते घर' लिहिलं होतं तिथे मूळ शब्द 'मेस्विज' होता. लिहिताना भलतीच अक्षरं, बोलताना मेस्विज. तो दिसताक्षणी मला सगळं आठवलं. माझ्या तेव्हाच्या छोट्या डिक्शनरीत तो नव्हता. शेजारच्या टेबलावरच्या म्हाताऱ्या दस्तलेखकांना मी विचारलं होतं. ते चहा पीत म्हणाले, "घर लिही गं. हे वकील एका घराला पाच शब्द घालतात. पुढे चल." मी पुढे गेले.

दोष त्यांच्यावर ढकलणार नाही, कारण सही माझी आहे. शिवाय मला तो शब्द खटकलाही नव्हता, याचं कारण मी डोंबिवलीच्या ब्लॉकमध्ये वाढलेली. आमचं घर सेफ्टी डोअरला सुरू होतं आणि गॅलरीच्या ग्रिलला संपतं. त्यापलीकडचं सगळं सोसायटीचं. अंगण हा घराचा भाग असू शकतो, हे मला ऐकून ठाऊक होतं, पण हातात पेन असताना डोक्यात आलं नाही.

"मावशी, चूक माझी असेल बहुतेक," मी म्हटलं. "बघून सांगते."

"असंल? का हाय?"

"आठ दिवस द्या."

मोठ्या कोशांसाठी ग्रंथालयात गेले. तिथे मेस्विज सापडला. राहतं घर, त्याला लागून असलेल्या पडव्या-गोठे, आवार, परसबाग, हे सगळं मिळून एक मेस्विज. कित्येक शतकं इंग्लंडातले लोक जमिनीच्या कागदात हा शब्द लिहीत आले. जाणकारांचा असा अंदाज आहे की, तो मुळात कोणा नकलनविसाच्या चुकीच्या वाचनातून जन्माला आला. एक अक्षर दुसऱ्यासारखं दिसलं आणि तसंच पुढे उतरत गेलं. हे वाचून मला जरा बरं वाटलं. आमच्या धंद्यात चुका टिकाऊ असतात. आता बोलण्यात तो कोणी वापरत नाही, खुद्द साहेबाच्या देशातही नाही. जुन्या दस्तांच्या बाहेर तो मेलेला आहे.

पण कोशाने काम भागणार नव्हतं. एका कोशात आवारासकट घर होतं, तर दुसऱ्यात पहिलाच अर्थ नुसता 'घर' दिला होता. पुढे पुढे आळशी वकील त्याच अर्थाने तो वापरायला लागले, अशी टीपही होती. म्हणजे समोरची बाजू तो दुसरा कोश उघडून बसणार. तेव्हा पुस्तकात काय आहे यापेक्षा त्या ठाण्याच्या वकिलाच्या हातात हा शब्द कसा चालायचा, ते बघणं भाग होतं. तो वकील हयात नव्हता, पण त्याने केलेले नोंदलेले दस्त होते. मी अर्ज केला आणि चार दिवस दुपारची कामं बाजूला ठेवून नोंदणी कार्यालयात जुनी बाडं उलटली. नाकातोंडात धूळ गेली. चौथ्या दिवशी कोपरीतल्याच एका खरेदीखतात शब्द मिळाला. मागे त्याच वकिलाचा शिक्का, आणि सोबत हाताने काढलेला नकाशा. 'मेस्विज'भोवती लाल रेघ ओढलेली. रेघेच्या आत घर होतं, अंगण होतं, आणि विहिरीचा गोल होता. मी सही-शिक्क्याची नक्कल मागितली आणि समोरच्या टपरीवर दोन वडापाव खाल्ले.

प्रकरण कोर्टातून मध्यस्थीला पाठवलेलं होतं. दोन्ही बाजूंनी हरकत नाही म्हटल्यावर मलाही खोलीत घेतलं. मध्यस्थ एक निवृत्त न्यायाधीश बाई होत्या, शांत आणि तिखट. दिराचे वकील माझ्यापेक्षा तरुण, इस्त्री कडक. मावशीला मोफत मिळालेल्या वकिलांनी आदल्या दिवशी तिला सांगितलं होतं की अंगण सोडून द्या, त्याबदली डंकाला कुठेतरी गाळा मागू. मावशी त्यांच्याकडे पाठ करूनच बसली होती.

दिराच्या वकिलांनी माझं भाषांतर वर धरलं. "मॅडम, शिक्का तुमचा, सही तुमची. 'राहते घर'. बरोबर?"

"चूक," मी म्हटलं.

"म्हणजे?"

"म्हणजे भाषांतर चुकलंय. मी चुकले. मूळ शब्दात अंगण येतं."

"बावीस वर्षांनी कळलं तुम्हाला?"

"हो. तुम्हाला अजून कळलेलं नाही, म्हणजे मी पुढेच आहे."

मध्यस्थ बाईंनी खाली बघून कागद सारखे केले. दीर खुर्चीत पुढे सरकला. "वहिनी, हे काय? एका मेसेजवरून अंगण नेणार का तुम्ही? घर तुमचंच आहे, कोण नाही बोलतंय?"

"मेसेज नव्हं रं," मावशी म्हणाली. "मेस्विज. मी आठ दिवस पाठ करतंय."

वकिलांनी मग हुकमी पान टाकलं. "बाई, शब्दांचा कीस राहू द्या. हेच भाषांतर पुढे वाचा. आंबिवलीचं राहतं घर माझ्या अशिलाला दिलंय, आणि तिथे स्पष्ट लिहिलंय, 'लगतच्या अंगणासह व गोठ्यासह'. कोपरीच्या घराला असं काहीच नाही. द्यायचं असतं तर म्हाताऱ्यांनी इथेही लिहिलं नसतं? दोन्हीकडे 'राहते घर', एकीकडे अंगणासह, दुसरीकडे नाही. चित्र स्वच्छ आहे."

मावशीच्या वकिलांनी मान खाली घातली. त्यांना हे आधीच दिसलं असणार, म्हणून गाळ्याची भाषा. मावशीने माझ्याकडे पाहिलं. तिचा हात पदराच्या टोकाशी घट्ट मिटलेला होता.

मी मात्र त्याच कलमाची वाट बघत होते.

"मूळ प्रत घ्या," मी वकिलांना म्हटलं. "मराठी बाजूला ठेवा. ते माझं आहे आणि चुकलेलं आहे. इंग्रजीत आंबिवलीला काय शब्द आहे? मोठ्याने वाचा."

त्यांनी वाचलं. "ड्वेलिंग हाउस."

"आणि कोपरीला?"

ते थांबले. "मेस्सु... मेस्विज."

"एकच वकील, एकच कागद, एकच टाइपरायटर. चार ओळींच्या अंतरावर दोन वेगळे शब्द. का घातले असतील? आंबिवलीला नुसतं ड्वेलिंग हाउस म्हटलं, म्हणजे फक्त घर. म्हणून अंगण आणि गोठा वेगळा जोडावा लागला. कोपरीला मेस्विज म्हटलं. त्यात अंगण आलंच, म्हणून जोडलं नाही. दोन शब्दांचं एकच 'राहते घर' म्हाताऱ्यांनी केलं नाही, त्यांच्या वकिलांनीही केलं नाही. मी केलं."

"हा तुमचा तर्क झाला."

"मग हे बघा." मी नकाशाची नक्कल त्यांच्यापुढे सरकवली. "तेच वकील, तेच कोपरी, तोच शब्द. लाल रेघ कुठून जाते ते बघा."

त्यांनी पाहिलं. बराच वेळ पाहिलं. पान उलटून मागचा शिक्का पाहिला, पुन्हा पुढे आले. हुशार माणूस होता. ज्याला वाचता येतं त्याला हरल्याचंही लवकर कळतं. "आम्ही पाच मिनिटं बाहेर जातो," म्हणाले आणि दिराला घेऊन पॅसेजमध्ये गेले. काचेतून दिराचे हात हलताना दिसत होते. मग ते हलायचे थांबले.

मध्यस्थ बाईंनी मला विचारलं, "ताई, स्वतःची चूक अशी कागदावर द्याल? सही करून?"

"सुधारित भाषांतर आणलंच आहे. प्रतिज्ञापत्रासकट."

"लोक तुमच्याकडे काम द्यायला कचरतील."

"कचरू देत. माहीत नसलेल्या चुकांखाली माझी सही असेलच, निदान माहीत असलेल्या चुकीखाली तरी ती नको."

दोघे आत आले. वकील खुर्चीवर न बसताच म्हणाले, "अंगण, विहीर आणि शेड यांवरचा दावा आम्ही सोडतो."

मला आनंद झाला. थोडाथोडका नाही, भरपूर. परीक्षेत पहिली आले तेव्हा झाला नव्हता इतका. एका मेलेल्या शब्दाला मी चार दिवस धुळीतून उकरून आणला होता आणि त्याने उठून बसून माझ्याविरुद्धच साक्ष दिली होती, आणि जिंकली होती. मावशीने मिटलेली मूठ उघडली आणि माझ्या पाठीत एक दणकून थाप मारली. रोज मिरचीची पोती उचलणारा हात तो. मी टेबलावर आदळायचीच राहिले.

तडजोडीचा मसुदा मराठीत करायचा होता. मध्यस्थ बाई म्हणाल्या, "तुम्हीच लिहा. 'आवारासह घर' पुरे."

"नाही," मी म्हटलं. "एका शब्दावर मी आता काही सोडणार नाही. काय काय आहे ते नावानिशी लिहू. मावशी, सांगा."

मावशी सरसावून बसली. "लिव. दोन खोल्या. पुढची पडवी. आंगन, पार रस्त्याच्या गडग्यापरयंत. बाव. बावीवरचा रहाट."

"रहाट कशाला?" दिराचे वकील म्हणाले. "तो तर मोडलाय ना?"

"मोडका असला तरी माझा. लिव गो. डंकाची शेड, डंकासकट. कपडे धुवायचा दगड. आन मागच्या अंगाचा शेवगा."

इथे दीर इतक्या वेळात पहिल्यांदा तावातावाने उठला. "वहिनी, शेवगा बापाने माझ्या लावलाय! घरातल्या सगळ्यांना माहीत आहे!"

"लावला आसंल. उभा कुठं हाय?"

दीर वकिलांकडे बघायला लागला. वकिलांनी सरळ छताकडे पाहिलं.

"बस खाली," मावशी म्हणाली. "झाड माझं. शेंगा तू पन ने. तुझी बायको आमटी चांगली करते, एक वाटी हिकडं धाडत जा."

"हे कलमात घालायचं का?" मी विचारलं.

"घाला," दीर बसत म्हणाला. "नाहीतर पुढच्या वर्षी मला झाडाला हात लावू देणार नाही ती."

मी शेवग्याचं कलम लिहिलं, आमटीसकट. मध्यस्थ बाईंनी ते दोनदा वाचलं, आमटीवर पेन टेकवलं, क्षणभर विचार केला आणि तसंच ठेवून खाली सही केली.