परशा आणि माझा गोल

मैदानात उतरल्यावर परशा आधी चेंडूकडं बघायचाच नाही. उभ्या जागी दोन्ही पाय आळीपाळीनं जमिनीवर दाबायचा. डावा, उजवा, पुन्हा डावा. खड्ड्यात पाय सोडून मागावर बसलेला विणकर पायाखालच्या पावड्या दाबतो, अगदी तसा. नवखे बघे हसायचे. मग शिट्टी व्हायची, आणि ह्याचा चालता पाय कुठला हे समोरच्या गड्याला सामना संपेपर्यंत कळायचं नाही. परशाला दोन्ही पाय सारखे होते. आम्हा बाकीच्यांचा एक पाय चालायचा, दुसरा नुसता उभं राहण्यापुरता.

मी निपाणीचा. घरची तंबाखूची वखार. वडिलांनी मला शिकायला बेळगावात ठेवलं होतं आणि मी तिथल्याच शहापूर पेठेतल्या विणकरांच्या संघात फुटबॉल खेळत होतो. अमावास्येला शहापुरातले माग बंद असतात, म्हणून त्यांचे सामने त्याच दिवशी व्हायचे. लष्कराच्या कॅम्पातले लोक आम्हाला ‘अमावास्येचा संघ’ म्हणून चिडवायचे. त्या पोरांकडं पाय होते, चेंडू नव्हता. चेंडू माझा, आणि अख्ख्या संघात बूटही माझेच. त्यामुळं सेंटर फॉरवर्ड मी आणि कप्तानही मीच. हे कुणी ठरवलं नव्हतं, तसंच चालत आलं होतं.

परशा आला तो एका अमावास्येला, आमचा एक गडी कमी पडला म्हणून. गोलमागं उभा राहून शेंगा खात होता. कुणीतरी हाक मारली, तशा उरलेल्या शेंगा खिशात टाकून आत आला. तासाभरानं चेंडू काखेत घेऊन माझ्याकडं आला आणि म्हणाला, “शेट, तुमचा चेंडू लई गुणाचा हाय. सांगंल तिकडं जातोय.” सगळे हसले. माझ्याकडं तो चेंडू वर्षभर होता. मी सांगेन तिकडं तो कधी गेला नव्हता.

पुढच्या सामन्यापासून मधली जागा त्याची झाली आणि मी त्याच्या डाव्या हाताला सरकलो. तेही कुणी ठरवलं नाही. ‘तुमचा’चं ‘तुझा’ झालं, पण ‘शेट’ मात्र तसंच राहिलं.

कॅम्पातल्या बँडचा एक गोवेकर मास्तर आमचे सामने बघायला यायचा. त्याला इंग्रजी वर्तमानपत्रं वाचायला मिळायची. दक्षिण अमेरिकेत उरुग्वे म्हणून एक चिमूटभर देश आहे आणि त्यानं फुटबॉलात सगळ्या जगाला हरवलंय, हे आम्हाला त्यानंच सांगितलं. तेव्हापासून तो परशाला ‘उरुग्वे’ म्हणूनच हाक मारायचा. परशानं एकदा विचारलं, “मास्तर, तिकडं माग हाईत का?” मास्तर म्हणाला, गुरं आहेत. “मग अमावास्येलाच खेळत असतील असं न्हाय,” परशा म्हणाला. ऐकायला ही गंमतच होती. मला मात्र त्या रात्री जेवण गेलं नाही. मला कुणी कुठल्या देशाचं नाव दिलं नव्हतं.

ही आग कशी असते ते सांगतो, कारण आजवर कुणाला सांगितलेलं नाही. परशाचा राग आला असता तर सोपं झालं असतं. तो मला आवडायचा. मी त्याच्या घरी जायचो, त्याच्या आईच्या हातची भाकरी आणि झुणका खायचो, तो मागावर बसला की खड्ड्याच्या काठावर बसून गप्पा मारायचो. धोटा इकडून तिकडं पळायचा आणि परशा म्हणायचा, “बघ शेट, ह्यो हातात धरून बसलं तर लुगडं व्हईल का? आला की द्यायचा.” आणि तिथून खोलीवर परतताना मी मनात म्हणायचो, ह्याचा पाय मोडू दे. एकदा वडील निपाणीहून सामना बघायला आले. मी नवा सदरा घातला होता. सामना संपल्यावर वडिलांनी मला विचारलं, “तो मधला पोरगा कुणाचा रं?”

त्या साली कॅम्पातल्या कपाच्या शेवटच्या सामन्यापर्यंत आम्ही पोचलो. समोर गोऱ्यांची पलटण. बँडमास्तरानं मुंबईच्या कुठल्याशा गिरणीला कळवलं होतं. त्या गिरणीचा संघ होता, आणि चांगला खेळाडू मिळाला तर त्याला नोकरी, राहायला खोली असं सगळं द्यायचे. त्यांचा माणूस परशाला बघायला येणार होता. परशानं ते फक्त मला सांगितलं, आणि लाजत विचारलं, “मुंबैत बूट घालून खेळत्यात न्हवं? तुझं जुनं दे की चार दिस. सवय करतो.” मी दिले. संध्याकाळी माग थांबला की तो ते बूट घालून गल्लीत फेऱ्या मारायचा, आणि बायका दारात येऊन हसायच्या. त्याची आई म्हणायची, घोड्याला नाल मारल्यागत वाजतंय. तिनं मुंबईला न्यायला चटणी कुटून ठेवली होती.

सामन्याला तो अनवाणीच उतरला. पहिला अर्धा खेळ गोऱ्यांनी त्याच्यावर दोन गडी ठेवले आणि गोल कुणाचाच झाला नाही. मधल्या सुट्टीत बँडमास्तर माझ्या कानाशी येऊन म्हणाला, मुंबईचा माणूस त्या छत्रीखाली बसलाय, उरुग्वेला चेंडू देत राहा.

मागून आलेला चेंडू माझ्याकडून पुढं जायचा, अशी आमची रीत होती. दुसऱ्या अर्ध्या खेळात मी तो एकदाही परशाकडं दिला नाही. उजवीकडं दिला, मागं दिला, स्वतः घेऊन पळालो. प्रत्येक वेळी काहीतरी कारण दिसेल असाच दिला. लोकांना वाटलं, कप्तान डोकं चालवतोय, परशावर दोन गडी आहेत म्हणून त्याला टाळतोय. परशानं चेंडू मागायला हातही वर केला नाही.

शेवटी शेवटी चेंडू माझ्या पायात आला तेव्हा त्यांचा गोलकीपर माझ्यावर धावून आला. पलीकडच्या खांबाशी परशा एकटा उभा होता. त्याच्यावरचे दोन गडीही माझ्याकडं धावले होते, आसपास कुणी नाही. मी नुसता ढकलला असता तरी झालं असतं. तो चेंडूची वाट बघत पाय दाबत होता. डावा, उजवा, डावा.

मी स्वतः मारला. चेंडू खांबाच्या आतल्या अंगाला लागला आणि आत गेला.

आम्ही जिंकलो. शहापूरच्या लोकांनी मला खांद्यावर घेऊन वेशीपर्यंत नेलं. मुंबईचा माणूस जाताना मास्तराला एवढंच म्हणाला, की चांगला असेल, पण आज दिसला नाही. दुसऱ्या दिवशी परशानं बूट परत आणून दिले, तेल लावून. मी काहीतरी बोलायला गेलो, तर तो म्हणाला, “गोल झाला न्हवं? मग झालं.”

माझ्या चुकीनं सामना हरलो असतो तर लोकांनी शिव्या घातल्या असत्या आणि माझं फिटलं असतं. मी तर जिंकून दिलं होतं. तो कप निपाणीच्या घरी दर्शनी कपाटात राहिला, आणि आल्यागेल्याला वडीलच त्या गोलाची गोष्ट सांगू लागले.

मी वखार सांभाळू लागलो. परशा खेळत राहिला. पुढं खड्ड्यातल्या ओलीनं त्याचे गुडघे धरले, तेव्हा तो गल्लीतल्या पोरांना शिकवू लागला. एकदा अमावास्येला बेळगावात काम होतं म्हणून मी मैदानाकडं वळलो. परशा दगडावर बसला होता. एका पोरानं सुंदर गोल मारला आणि नाचायला लागला. परशानं त्याला जवळ बोलावलं.

“ह्यो पलीकडं मोकळा हुता. दिसला हुता का तुला?”

पोरानं मान खाली घातली. “व्हय अण्णा.”

“मग ह्यो मोजायचा न्हाय.”

आणि खरंच मोजला नाही. खेळ पुन्हा सुरू झाला. थोड्या वेळानं दुसऱ्या एकानं तसंच केलं. विचारल्यावर तो पोरगा म्हणाला, “न्हाय दिसला, अण्णा.” परशा म्हणाला, “मग खरा.” त्याचा हा एकच कायदा होता. पोरगं खरं बोलतंय का, हे तो कुणाला विचारायचा नाही. आणि मैदानावरची माणसं सांगायची की पोरं त्याच्यापुढं खोटं बोलत नाहीत. मी आलोय हे त्याला कळायच्या आत मी मागच्या मागं निघालो. टांग्यात बसलो तरी ती आग होतीच. एवढी पोरं त्याच्या तोंडाकडं बघत होती, आणि माझ्या तोंडाकडं वखारीतले हमालसुद्धा गरज पडली तरच बघत.

स्वातंत्र्याच्या साली, पावसाळा सुरू व्हायच्या आधी, परशाच्या छातीचं दुखणं वाढल्याचा निरोप आला. मी गेलो. माग झाकून ठेवला होता आणि तो त्याच्याशेजारीच अंथरुणावर होता. माझी बायको कशी आहे, निपाणीत तंबाखू कसा आलाय, हे सगळं विचारून झालं. सगळं सांगून टाकायचं ठरवूनच मी गेलो होतो. वाक्यसुद्धा वाटेत जुळवलं होतं. पण आधी तोच बोलला.

“शेट, लई दिस विचारीन म्हणतोय. त्या कपाच्या दिशी मी पल्याड उभा हुतो. दिसलो हुतो का रं तुला?”

तो माझ्याकडं बघत होता. त्याच्या डोळ्यांत राग नव्हता. ज्या तोंडानं तो पोरांना विचारायचा, त्याच तोंडानं विचारत होता.

मी म्हणालो, “नाही रे परशा.”

 तो डोळे मिटून म्हणाला, “मग खरा गोल. खरा.”

तो गेला त्या दिवशी मी पुन्हा शहापुरात होतो. अमावास्या नव्हती, तरी एकाही घरातून मागाचा आवाज येत नव्हता. गल्ल्या पोरांनी भरल्या होत्या. आणि त्या गर्दीत उभं राहून, सांगायला लाज वाटते, मी मनात म्हणालो, माझ्यासाठी निपाणीत एक वखारसुद्धा बंद राहायची नाही.

परशा, दिसला होतास तू मला. तो गोल मोजायचा नाही.