दुसऱ्याने चाखलेली फोड

१२ डिसेंबर १९५५ रोजी आर्वीच्या फळबाजारात ताराचंद शेठच्या अडतीवर संत्र्यांचा एक ढीग एकशे सदतीस रुपये आठ आण्यांना सुटला. हर्रास, म्हणजे लिलाव, अडतीचे पुकारणारे सदाशिवराव यांनी पुकारला होता.

त्या अडतीची एक रीत होती. बोली सुरू होण्याआधी पुकारणाऱ्याने ढिगाच्या पोटातून एक संत्रं काढायचं, सर्वांसमोर सोलायचं, एक फोड खायची आणि माल गोड की आंबट ते सांगायचं. इतक्या वर्षांत सदाशिवरावांनी आंबटाला कधी गोड म्हटलं नव्हतं. वर्ध्याचे व्यापारी महादेवराव तर फळाला हातही लावत नसत. "सदाशिवरावनं खाल्लं म्हंजे म्याच खाल्लं," असं ते म्हणत.

त्या वर्षी दिवाळीच्या आधीपासून मात्र सदाशिवरावांचा घसा बसू लागला. पहाटे तोंडात आंबट पाणी येई. आडवं झालं की खोकल्याची उबळ येऊन श्वास कोंडे, आणि भाकरीचा घास छातीत अडकून बसे. क्षय असेल या भीतीने बायकोने, मंदाबाईने, त्यांचा पेला वेगळा काढला. शेवटी ढिगांची मोजणी करणारा नानाजी त्यांना मोटारीने वर्ध्याला डॉक्टरकडे घेऊन गेला.

डॉक्टर म्हणाले, "क्षय नाही. पोटातलं आम्ल वर चढतं आणि घसा पोळवतं. जेवल्याबरोबर निजू नका. खाटेच्या उशाकडच्या पायांखाली विटा ठेवा. चहा, मिरची कमी करा. आंबट फळं बंद."

"एखादी फोड?"

"तीही नाही."

न चाखणारा पुकाऱ्या शेठ ठेवणार नव्हते. परतीच्या मोटारीत तोड नानाजीनेच काढली.

"तुमी फोड तोंडापाशी न्या अन् दुपट्ट्यात टाका. म्या मोजता मोजता चाखतो. गोड असन त टोपी सरळ, आंबट असन त मांगं सारीन."

"अन् तू चुकला त?"

"लहानपणापासून संत्रीच मोजून राह्यलो, भाऊ."

ते जमलं. विटांनी खोकलाही उतरला. "खाट कायची, घसरगुंडी झाली," मंदाबाई म्हणाली. "सकायी तुमाले पायथ्याशी शोधा लागते." पण तिने पेला पुन्हा इतर पेल्यांत ठेवला. सदाशिवरावांचा आवाज बाजाराच्या दुसऱ्या टोकापर्यंत जाऊ लागला.

त्या आवाजात त्यांनी बारा तारखेला रोहणा गावच्या बागवाल्या प्रेमदासचा ढीग पुकारला. नानाजीची टोपी सरळ होती. सदाशिवराव "गोड" म्हणाले आणि महादेवरावांनी ढीग उचलला.

पुढच्या बाजाराला महादेवराव आले ते पिशवीत त्याच ढिगातलं संत्रं घेऊन. चारचौघांत त्यांनी ते सोललं आणि सदाशिवरावांच्या हातावर फोड ठेवली.

"खा."

त्यांनी खाल्ली. दात आंबले. समोर नानाजी मान खाली घालून मोजत होता.

"हे तुमी गोड म्हटलं?"

आपण चाखलंच नव्हतं, हे सांगायला तोंड उघडलं असतं तर दिवाळीपासूनचा सगळा लबाडीचा धंदा उघडा पडला असता, आणि नानाजीचीही नोकरी गेली असती.

"होय. म्याच म्हटलं."

पुढच्या ढिगापाशी जाऊन महादेवरावांनी बोली लावण्याआधी पहिल्यांदाच स्वतः फोड चाखली.

संध्याकाळी सदाशिवरावांनी नानाजीला गाठलं. "काऊन रे?"

"माघात पोरीचं लगन हाये. प्रेमदासनं पंधरा रुपये देल्ले. तुमच्या नावावर एक ढीग खपून जाईन असं वाटलं, भाऊ."

"मले मागाचे होते."

"तुमच्यापाशी कुठं होते?"

ते खरं होतं.

शेठनी त्या आठवड्यात पुकारा नानाजीकडे दिला आणि मोजणी सदाशिवरावांकडे. नानाजी नाही म्हणाला नाही. सदाशिवरावांचा घसा आता अगदी स्वच्छ होता. ते मनातल्या मनात आकडे मोजत आणि नानाजीचा पुकारा ऐकत.

वर्ध्याला जाताना मोटारीचं भाडं नानाजीने भरलं होतं. ते एक रुपया दोन आणे सदाशिवरावांनी त्याला अजून द्यायचे होते.