भांड्यांखालची चिन्हं

आमचं भांड्यांचं दुकान होतं आणि मागच्या बाजूला घर. गिऱ्हाइकानं भांडं घेतलं की त्यावर नाव घालून द्यायचं: कुणाकडून, कुणाला, कशाबद्दल. हे काम माझ्या धाकट्या बहिणीकडं होतं. पेनसारखं विजेचं मशीन धरून ती कर्रकर्र करत सरळ ओळ काढायची. माझ्याकडं बाकी सगळं होतं. माल, बिलं, घरातली कामं आणि नव्वदच्या दशकात तिचं लग्न ठरलं तेव्हा ते लग्नही.

तिचा एक देश होता. शाळेतून आल्यावर आम्ही माळ्यावर खेळायचो तेव्हा तिनं तो रचला. त्या देशात नुसती वस्तू कुणी वापरत नसे. कुंभार, लोहार, विणकर, ज्यानं वस्तू घडवली त्यानं तिच्यावर चिन्ह काढायचं, मगच ती कामाला यायची. तीन लाटा आणि वर आडवी रेघ असली की घागरीतलं पाणी नासत नाही. काठीवर गोगलगाय कोरली की म्हातारा माणूस पडत नाही. चिन्ह तळाला काढायचं, कारण दिसलं की त्याची ताकद उतरते. ती मनाला येईल ते काढायची, म्हणून मी नियम करून दिले होते: एका चिन्हाला एकच काम, आणि काम नसेल तिथं चिन्ह नाही. पुढं मी तो देश सोडून दिला. तिनं सोडला नव्हता, हे मला लग्नाच्या आठवडाभर आधी कळलं.

तिचं एक जमलेलं लग्न आधी मोडलं होतं, कारण न सांगता. त्यामुळं या वेळी कुणी दार वाजवलं तरी मी आधी फटीतून बघायचे. पत्रिका वाटून झाल्या होत्या, पहिली जोतिबाला ठेवून आलो होतो. आता काही बिघडलं तर तिसऱ्यांदा कोण विचारणार होतं?

अशात गडहिंग्लजहून मुलाची आई आणि आत्या राहिलेली खरेदी करायला आल्या आणि भांडी बघतो म्हणाल्या. मी रुखवताची भांडी सतरंजीवर मांडूनच ठेवली होती. मोठी मागं, लहान पुढं, सगळी लखलखीत.

आत्याबाईंनी पहिलंच पातेलं उचललं आणि पालथं केलं. आमच्याकडच्या बायका भांडं बघतात ते असंच, आधी बूड. जाड आहे का ते बोटानं वाजवून बघायचं. दुकानात वाढलेल्या मुलीला हे कळायला हवं होतं.

"आणि ह्ये काय गं?"

तळाला एक गोल होता, एका बाजूनं उघडा, आणि आत शिरणारी आकड्यासारखी रेघ.

"कंपनीचा शिक्का असेल," मी म्हणाले.

"कंपनी हातानं कोरती व्हय? मला शिकवू नगंस, पोरी." त्यांनी डबा उलटला, परात उलटली, तांब्या उलटला. "सगळ्यास्नी हाय. वैनी, बघा की! ह्ये यंतर हाय. करणी करून भांडी द्यायला लागल्यात ही माणसं."

माझी आई पदर तोंडाशी धरून उभी. बाबा दुकानात गिऱ्हाइकाशी बोलत होते, त्यांचं हसणं ऐकू येत होतं. मी बहिणीकडं बघितलं आणि मला सगळं कळलं.

"मी काढलंय," ती म्हणाली. "नवीन घर ओळखीचं व्हावं म्हणून."

"कुणी शिकवलं तुला? कुठला देवरुषी?"

"कुणी नाही. लहानपणीचा खेळ आहे तो."

"खेळ व्हय! मग ह्योच खेळ सोताच्या घरात खेळून दाव. करणी असली तर घरच्यांवर कोण करत न्हाई. विहीणबाई, देव्हाऱ्यातला तांब्या आणा."

आईनं तांब्या आणला खरा, पण दिला नाही. दोन्ही हातांनी छातीशी धरला. आत्याबाईंनी ते बघितलं, सगळ्यांनीच बघितलं. मी हात पुढं केला तर माझाही हात मधेच थांबला. मग मी तांब्या ओढून घेतला आणि रुखवतावर नावं घालायला आत आणलेल्या मशीनशेजारी ठेवला.

"घाल," मी म्हणाले.

बहीण मशीन हातात घेऊन बसली. चालू केलं, बंद केलं.

"अक्का, ह्याच्यावर नाही चालत. हे घर ओळखीचंच आहे. काम नाही तिथं चिन्ह नाही."

मला तिच्या थोबाडीत द्यावीशी वाटली. माझाच नियम, आणि तो आज आठवायचा होता!

"बघा! न्हाई म्हणतीया!" आत्याबाई उठल्याच. "चला वैनी, यष्टी गाठू. पोराला काय सांगायचं त्ये मी सांगतो."

मुलाची आई मात्र बसूनच होती. ती पातेलं मांडीवर घेऊन त्या गोलावरून बोट फिरवत होती.

"इथं चालत न्हाई," तिनं माझ्या बहिणीला विचारलं, "म्हंजे आमच्याकडं चालतंय?"

"हो. तिथलं घर मला नवीन आहे ना."

"मी आले तवा मला लई दिस चूल कुठल्या तोंडाला हाय ते उमगत नव्हतं." मग ती नणंदेकडं वळली. "बसा वन्सं. खोटंच बोलायचं असतं तर गुमान कोरून दिलं असतं की हिनं. वर्षभरात हिला घराची सवय झाली न्हाई तर बघू."

"तुमच्या घरात ठेवा," आत्याबाई म्हणाल्या. "माझ्या उंबऱ्याच्या आत नगं." पण बसल्या. मी चहा टाकला.

लग्न ठरल्या दिवशी झालं, भांडी टेम्पोतून गेली. भांडी बघितली त्या दिवशी मात्र त्या दोघी गेल्यावर मी स्वयंपाकघरात आले, तर आई मोरीत बसून देव्हाऱ्यातला तांब्या चिंच लावून घासत होती. त्यावर काहीच कोरलेलं नव्हतं. तिनं तो धुतला, उजेडात धरून तळ बघितला आणि परत घासायला घेतला.