मेल्यावर बोलायचं नाही
दिवाळीनंतर पांढुर्ण्याला घरी गेले, तर पुढच्या खोलीत कापूस भरलेला, आणि त्याचा उबट वास नाकात शिरताच मी उंबऱ्यातच थबकले. कोरियन मालिकेतले जीवघेणे खेळ आम्ही पोरांनी चोरून मोबाईलवर पाहिले, त्या वर्षीची गोष्ट. अंगणात तोच खेळ मांडला. मालिकेतल्यासारखी पाठ करून उभी राहणारी बाहुली मी. मी वळल्यावर जो हलला तो मेला, आणि मेलेल्यानं या खोलीतल्या कापसात जाऊन पडायचं, बोलायचं नाही. सहा वर्षांची चुलत बहीण पहिलीच मेली. मागून मेलेल्यांनी ढिगावर धबाधब उड्या मारल्या. खेळ संपला, सगळे उठले, ती नाही. हाका मारल्या, उत्तर नाही. ढीग घसरलेला. मी रडत दोन्ही हातांनी कापूस उपसू लागले. "काय खेळून राहिले वं तुम्ही?" म्हणत काकू धावत आली. शेवटी हाताला एक पाय लागला. ओढला, तर तोंडातला कापूस थुंकत ती माझ्यावरच चिडली, "मेली होती नं मी, बोलू कशी?" काकूनं तिला छातीशी धरलं आणि मला एक सणसणीत ठेवून दिली. मी गाल चोळत हसतच सुटले. ती आता पाचवीत आहे, दिवसभर बडबडते. घरात सगळे तिला गप्प बस म्हणतात. मी कधीच म्हणत नाही.