पंचवीस कोरे कागद

बाईंना शाळेत समोर सगळे ‘बाई’ म्हणत आणि पाठीमागे ‘सूचनाबाई’. हे त्यांना ठाऊक होतं आणि त्यात त्यांना काही गैर वाटत नसे. एकतीस वर्षं त्या चौथीला वाचन शिकवत होत्या, पण गोष्टी-कवितांत त्यांचा जीव फारसा रमत नसे. तो रमे माहितीपत्रकांत, औषधाच्या बाटलीवरच्या बारीक अक्षरांत आणि ‘वापरण्यापूर्वी हे वाचा’ असं लिहिलेल्या कागदांत. घरी नवऱ्याने एकदा नवीन कपाट जोडलं, तेव्हा चार स्क्रू उरले.

“अगं, जास्तीचेच देतात ते,” नवरा म्हणाला.

“अहो, कागद वाचलात का?” बाईंनी विचारलं. मग त्यांनी कपाट रिकामं केलं, सुटं केलं आणि कागदाप्रमाणे पुन्हा जोडलं. नवरा दोन दिवस घुश्शात होता.

वर्गातही त्यांची हीच तऱ्हा. उतारा वाचून झाल्यावर ‘यानंतर काय करावे?’ असा प्रश्न त्या विचारतच नसत. “उताऱ्यातलं वाक्य वरून उचलायचं आणि खाली ठेवायचं, याला वाचणं नाही, हमाली म्हणतात,” असं त्यांचं मत होतं आणि ते त्या कुणी न विचारताही सांगत. दर शनिवारी प्रत्येक बाकावर एक सुटा केलेला टॉर्च आणि एक कागद असे. बोलायचं नाही, शेजारी डोकवायचं नाही. कागद सांगेल तसं करायचं. टॉर्च लागला की पास. नाही लागला, तर आपण कुठल्या ओळीपाशी घसरलो तिथे बोट ठेवून दाखवायचं.

लेखी परीक्षेत मात्र हाच वर्ग सपाटून मार खाई. पोरं उत्तरं आपल्या शब्दांत लिहीत, आणि तपासणाऱ्यांना उताऱ्यातलंच वाक्य हवं असे. दोन वर्षं वर्ग तळाला गेल्यावर वरच्या कार्यालयाचं पत्र आलं : यंदाही असंच झालं, तर निवृत्तीपर्यंतची दोन वर्षं बाईंनी पुस्तकभांडारात काढावीत. भांडारात पुस्तकं भरपूर होती, वाचणारं कुणी नव्हतं. बाईंनी पत्र सवयीप्रमाणे दोनदा वाचलं. 

परीक्षेला पर्यवेक्षक दुसऱ्या शाळेतल्या होत्या. प्रश्नपत्रिकेच्या माथ्यावर तीन सूचना होत्या. एक, सर्व उतारे लक्षपूर्वक वाचा. दोन, सर्व प्रश्न सोडवणे आवश्यक आहे. तीन, या कागदावर काहीही लिहू नये. गेल्या वर्षीपर्यंत उत्तरांना वेगळी वही मिळायची. यंदा काटकसर म्हणून प्रश्नांखालीच उत्तराच्या रेघा छापल्या आणि तिसरी सूचना काढायची राहून गेली. शेजारच्या वर्गांना याची काहीच झळ पोचली नाही, कारण तिथे सूचना कुणी वाचल्याच नाहीत.

बाईंच्या वर्गाने वाचल्या. पंचवीस मुलांनी उतारे वाचले, उत्तरं मनात जुळवली, पेन्सिली खाली ठेवल्या आणि हाताची घडी घालून बसली. नाव लिहायची जागासुद्धा त्यांनी कोरी ठेवली. एकाने हात वर करून तिसऱ्या सूचनेवर बोट ठेवलं. पर्यवेक्षकांच्या कागदावर ‘मुलांना काहीही समजावून सांगू नये’ असं होतं, म्हणून त्या गप्प राहिल्या. दीड तास वर्गात टाचणी पडली तरी ऐकू आली असती. जाताना त्या मुख्याध्यापकांना म्हणाल्या, “वर्गाला शिस्त मात्र छान आहे हो.”

चौथ्या दिवशी कार्यालयातून साहेब आले. त्यांनी मुख्याध्यापकांच्या टेबलावर गठ्ठा ठेवला. पंचवीस कागद कोरे होते आणि एक लिहिलेला.

“मॅडम, छपाईत चूक झाली हे आम्ही लेखी मान्य करू शकत नाही,” साहेब शांतपणे म्हणाले. “पण मार्ग आहे. हा अर्ज घ्या. सही केलीत, की ही परीक्षा रद्द, फेरपरीक्षा मंजूर आणि तुमच्या बदलीचा विषयही संपला. मी उद्या सकाळी येतो.”

अर्जावर कारण आधीच छापलं होतं : ‘माझ्या वर्गातील विद्यार्थ्यांना सूचनेचा अर्थ समजला नाही.’

“करून टाका हो बाई,” मुख्याध्यापक म्हणाले. “एका सहीने काय बिघडतंय?”

बिघडत होतं. समजला नाही कसा? अख्ख्या परीक्षेत सूचना समजली ती याच पोरांना. बाईंना रागही आला आणि पोरांचा अभिमानही वाटला, आणि दोन्ही गिळून त्यांनी तो लिहिलेला कागद हातात घेतला. तो ‘शंके’चा होता. शंका म्हणजे मागच्या बाकावरची मुलगी. दर शनिवारी तिचा टॉर्च सगळ्यांच्या शेवटी लागे, कारण ती आधी कागदाशी वाद घालत बसे. बाई तिच्यावर कितीदा तरी करवादल्या होत्या. तिच्या कागदावर तिसऱ्या सूचनेवरून पट्टीने एक सरळ रेघ मारलेली होती आणि खाली सगळी उत्तरं होती.

मधल्या सुट्टीत बाईंनी तिला बोलावलं. “तिसरी सूचना तू वाचली नव्हतीस का गं?”

“वाचली ना बाई. पण लिहायचंच नव्हतं, तर खाली रेघा कशाला मारल्या त्यांनी? चुकून राहिली असणार. म्हणून मी ती खोडली.”

“भीती नाही वाटली?”

“वाटली की. म्हणून तर पट्टीने खोडली.”

 एकतीस वर्षं बाईंनी मुलांना कागदाचं ऐकायला शिकवलं होतं. कागद चुकला तर काय करायचं, हे एकदाही शिकवलं नव्हतं. त्यांना स्वतःची लाज वाटली. “जा, डबा खा,” त्या एवढंच म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी साहेब यायच्या आधी बाईंनी अर्ज समोर ओढला, छापील कारणावर पट्टी ठेवून एक सरळ रेघ मारली आणि खाली सुवाच्य अक्षरात लिहिलं : ‘माझ्या वर्गातील विद्यार्थ्यांना सूचनेचा अर्थ पूर्णपणे समजला. चूक सूचनेत होती.’ खाली सही केली. तारीख घातली. आता साहेब अर्ज फाडणार आणि आपण भांडारात जाणार, याची त्यांना खात्रीच होती.

साहेबांनी आल्यावर अर्ज घेतला, सही बघितली, तारीख बघितली, ‘फेरपरीक्षा मंजूर’चा शिक्का मारला आणि अर्ज फाइलला लावला.

“मुलांना साध्या सूचना समजत नाहीत, मॅडम,” फाइल बंद करत ते हळहळले. “सगळीकडे हीच बोंब आहे.”

“हो ना,” बाई म्हणाल्या आणि तासाला गेल्या.