सात दिवसांचं अक्षर

दात दाखवायला जातो असं घरी सांगून मी पाटोद्याहून बीड गाठायचो. जायचो मात्र समुपदेशक मॅडमकडे. मुख्याध्यापकांनी नुसतं बोलावलं तरी माझी छाती धडधडायची. बावीस वर्षं मास्तरकी केलेल्या माणसानं हे कुठल्या तोंडानं सांगावं?

मला वाटलं, गोळ्या मिळतील. मॅडमनी वही दिली. भीती वाटली की त्याच वेळी लिहायचं: काय घडलं, मनात कोणता विचार आला, तो खरा कशावरून. मग दर आठवड्याला दोघांनी मिळून ते तपासायचं. मला तो पोरखेळ वाटला. आठवडाभर वही उघडलीच नाही. सातही दिवसांचं एस.टी.त बसून खरडलं.

मॅडमनी पानं चाळली. "सर, सातही दिवस बसमध्येच होतात का?"

रस्त्याच्या खड्ड्यांनी प्रत्येक ओळ सारखीच हलली होती.

"शाळा हाय मागं, वेळ न्हाई मिळत!" मी लई जोरात ओरडलो. अभ्यासाच्या याच चोरीसाठी मी पोरांना बाकावर उभं करतो, हे आठवलं आणि कान तापले.

मॅडम रागावल्या नाहीत. त्यांनी वही माझ्यापुढं सरकवली. "आत्ता मनात काय आलं, तेवढं लिहा."

मी लिहिलं, 'या माझा सगळ्यांसमोर अपमान करतील.'

खोलीत आम्ही दोघंच होतो. पुढचा रकाना होता, 'कशावरून?'

मग लिहिलं, 'मी करतो, त्यावरून.'